विधान भवनाची वास्तू आणि आपण

दरवर्षी ६ डिसेंबरला जत तालुक्यातले समाजबांधव बायकामुलांसह मुंबईला जातात. कुणी एस.टी.ने, कुणी मिरजेहून रेल्वेने. चैत्यभूमीवर बाबासाहेबांना अभिवादन करतात, शिवाजी पार्कवरच्या स्टॉलवरून पुस्तके, कॅलेंडर, बुद्धमूर्ती घेतात. ज्यांच्या हाती आणखी एखादा दिवस असतो ते राजगृह पाहतात, गेटवेला जातात, पोरांना समुद्र दाखवतात आणि परत फिरतात. पण त्याच मुंबईत अशी एक वास्तू आहे, जिथे आपल्या मुलामुलींच्या शिष्यवृत्तीचा पैसा मंजूर होतो, आपल्या वतनाच्या जमिनीचा कायदा झाला, आपल्या गावच्या पाण्यावर चर्चा होते. तिच्याकडे मात्र आपली पावले वळत नाहीत. "ते आमदार-मंत्र्यांचे घर, आपले तिथे काय काम?" असे आपणच आपल्याला सांगून टाकलेले असते.

ही समजूत चुकीची आहे. विधान भवन ही ज्यांच्या मतावर उभी आहे त्यांची वास्तू आहे. तिचा इतिहास आपल्या चळवळीच्या इतिहासाला पावलोपावली भिडलेला आहे. तो आपल्या घरात, विशेषतः शाळा-कॉलेजात जाणाऱ्या मुलामुलींना माहीत असावा, म्हणून हा लेखनप्रपंच.

तथागतांच्या काळचे सभागृह

सभागृह ही वस्तू इंग्रजांनी आणली असे शाळेत शिकवले जाते. आपण बौद्धांनी तरी असे मानू नये. तथागतांच्या काळी शाक्य, मल्ल, वज्जी यांची गणराज्ये होती आणि त्या प्रत्येकाचे एक सभागृह होते. पाली भाषेत त्याला 'संथागार' म्हणतात. कुसिनारेचे मल्ल कामकाजासाठी संथागारात जमले असतानाच भिक्खू आनंद यांनी त्यांना तथागतांच्या परिनिर्वाणाची वेळ कळवली, असे महापरिनिब्बान सुत्तात आहे.

कपिलवस्तूच्या शाक्यांनी नवे संथागार बांधले तेव्हा त्याचा पहिला वापर तथागतांनी करावा अशी त्यांनी विनंती केली. सुत्तात त्या प्रसंगाचे वर्णन आहे. तथागत पाय धुऊन आत आले आणि मधल्या खांबाशी पूर्वेकडे तोंड करून बसले. भिक्खू पश्चिमेच्या भिंतीशी, पूर्वेकडे तोंड करून बसले. शाक्य पूर्वेच्या भिंतीशी, पश्चिमेकडे तोंड करून बसले. म्हणजे सगळे एकमेकांसमोर. कुणी कुठे बसायचे, कुणाचे तोंड कुणाकडे, हे सभागृहाच्या रचनेतच ठरलेले होते. आजही विधानसभेत अध्यक्षांच्या उजव्या हाताला सत्ताधारी आणि डाव्या हाताला विरोधक बसतात. मध्ये मोकळी जागा. समोरासमोर बसून बोलायचे, हे तत्त्व तेच.

भिक्खुसंघाचे कामकाजही असेच नियमाने चाले. आसने मांडणारा भिक्खू नेमलेला असे. कोरम पुरा आहे की नाही हे पाहणारा 'गणपूरक' असे. ठराव मांडण्याला 'ज्ञप्ती' म्हणत, महत्त्वाचा ठराव तीन वेळा पुकारला जाई आणि मतभेद झाल्यास 'शलाका' म्हणजे काड्या वाटून मते मोजली जात. आज विधेयकाची तीन वाचने होतात. परमपूज्य बाबासाहेबांनी २५ नोव्हेंबर १९४९ रोजी घटना समितीतील आपल्या शेवटच्या मोठ्या भाषणात याच गोष्टीची देशाला आठवण करून दिली होती. भारताला संसदीय पद्धत नवी नाही, बौद्ध भिक्खुसंघ ती पाळत होते, असे त्यांनी सांगितले. वज्जी लोक जोवर वारंवार एकत्र जमतील, एकोप्याने बसतील आणि एकोप्याने उठतील तोवर त्यांची वाढच होईल, हा तथागतांचा उपदेशही आपल्याला ठाऊक आहे.

खलाशांच्या वसतिगृहातले कायदेमंडळ

आता मुंबईकडे वळू. मुंबई इलाख्याचे कायदेमंडळ १८६१ च्या कायद्याने स्थापन झाले आणि त्याची पहिली बैठक २२ जानेवारी १८६२ रोजी टाऊन हॉलमध्ये भरली. त्यात मूठभर सरकारी गोरे अधिकारी आणि गव्हर्नरने नेमलेले काही बडे लोक. शेतकरी, मजूर, अस्पृश्य यांचा आवाज तिथे असण्याचा प्रश्नच नव्हता.

पुढे कायदेमंडळ मोठे झाले आणि १९२८ मध्ये त्याच्यासाठी सरकारने एक तयार इमारत घेतली. गेटवेजवळ, रीगल सिनेमासमोरच्या चौकात निळसर-करड्या दगडाची एक जुनी देखणी इमारत दिसते, तीच ही. मुळात ते होते 'रॉयल आल्फ्रेड सेलर्स होम', म्हणजे बोटीवरच्या खलाशांचे वसतिगृह. इंग्लंडचा राजपुत्र आल्फ्रेड १८७० मध्ये मुंबईला आला तेव्हा त्याच्या हस्ते पायाभरणी झाली आणि १८७६ मध्ये इमारत पूर्ण झाली. तिचा आराखडा एफ. डब्ल्यू. स्टीव्हन्स यांनी केला. याच स्टीव्हन्स यांनी पुढे व्ही.टी. स्टेशन, म्हणजे आजचे छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस उभारले. मिरजेहून रेल्वेने जाणारा आपला माणूस ज्या स्टेशनात उतरतो ते स्टेशन आणि जिथे बाबासाहेबांनी कायदेमंडळ गाजवले तो काउन्सिल हॉल, दोन्ही एकाच कारागिराच्या डोक्यातून उतरले आहेत. टोकदार कमानी, दगडी कोरीव काम, उतरती छपरे ही दोन्हींची जातकुळी एकच आहे. काउन्सिल हॉलच्या दर्शनी त्रिकोणी भागावर समुद्रदेव नेपच्यूनचे शिल्प कोरलेले आहे. कायद्याच्या घरावर समुद्राचा देव कसा, असा प्रश्न मुलांनी विचारला तर उत्तर हे, की घर मुळात खलाशांचे होते.

या इमारतीसाठी बडोद्याचे खंडेराव गायकवाड यांनी दोन लाख रुपयांची देणगी दिली होती. खंडेरावांच्या मृत्यूनंतर त्यांच्या पत्नी जमनाबाईंनी दत्तक घेतलेला मुलगा म्हणजे महाराजा सयाजीराव. याच सयाजीरावांच्या शिष्यवृत्तीवर भीमराव आंबेडकर १९१३ मध्ये अमेरिकेला शिकायला गेले. एका गायकवाडाने इमारतीला पैसा दिला आणि दुसऱ्याने तिच्यात उभा राहून बोलणारा विद्वान घडवायला मदत केली. इतिहासाची गुंफण अशी असते.

बाबासाहेबांचा आवाज

या कायदेमंडळात आपल्या समाजाचा प्रवेश बाबासाहेबांच्याही आधी झाला, आणि तोही साताऱ्याकडच्या माणसाचा. 'मूकनायक'चे संपादन केलेले ज्ञानदेव ध्रुवनाथ घोलप यांची अस्पृश्यांचे प्रतिनिधी म्हणून मुंबई कौन्सिलवर नेमणूक झाली होती. ४ ऑगस्ट १९२३ रोजी रावबहादूर सी. के. बोले यांचा ठराव कौन्सिलने मंजूर केला. सार्वजनिक पाणवठे, विहिरी, धर्मशाळा, शाळा अस्पृश्यांना खुल्या असाव्यात, असा तो ठराव होता. महाड नगरपालिकेने तो आपल्या हद्दीत स्वीकारला, पण चवदार तळ्यावर जाण्याची सोय मात्र झाली नाही. मग २० मार्च १९२७ ला बाबासाहेबांनी महाडला काय केले, हे आपल्या घरातल्या लहान मुलालाही सांगता येईल. आम्हाला येथे एवढेच दाखवायचे आहे की सत्याग्रहाची पहिली ओळ कायदेमंडळात लिहिली गेली होती. ठरावाचा कागद सभागृहाने दिला आणि त्याच्यावर पाणी आपल्या माणसांनी ओंजळीने चढवले.

बाबासाहेब स्वतः १९२७ च्या फेब्रुवारीत नेमलेले सदस्य म्हणून कौन्सिलमध्ये आले. मार्च १९२८ मध्ये त्यांनी महार वतनाचे बिल मांडले. जतसारख्या भागात महार वतन म्हणजे काय हे जुन्या माणसांना सांगायला नको. रात्री-अपरात्री सरकारी निरोप न्यायचे, गावच्या हाकेला धावायचे, आणि मोबदला म्हणून थोडी जमीन आणि बलुते. माणूस वतनदार म्हणवायचा आणि वेठबिगार म्हणून जगायचा. या बिलावर चर्चा झाली, समिती नेमली गेली, आणि सरकारने ते इतके कापून ठेवले की १९२९ मध्ये बाबासाहेबांनी ते मागे घेतले. त्या काळी जत हे डफळे संस्थान होते. ब्रिटिश इलाख्याच्या मतदार यादीत आपल्या तालुक्यातला एकही माणूस नव्हता. म्हणजे आपल्या गळ्यातल्या वतनाच्या दोरीवर मुंबईत चर्चा चालू होती आणि आपल्याला मत नव्हते. जत १९४८ मध्ये मुंबई राज्यात विलीन झाले. १९५२ मध्ये आपल्या आजा-पणजाने पहिल्यांदा मतपेटीत मत टाकले. कनिष्ठ गाव वतने रद्द करणारा कायदा मुंबई विधिमंडळाने १९५८ मध्ये केला. बिल मांडल्यापासून कायदा होईपर्यंत तीस वर्षे गेली. बाबासाहेब तो पाहायला हयात नव्हते.

१९३७ च्या निवडणुकीत स्वतंत्र मजूर पक्षाचे डझनाहून अधिक उमेदवार निवडून आले. बाबासाहेबांनी त्याच वर्षी कोकणातील खोती रद्द करण्याचे विधेयक मांडले. जानेवारी १९३८ मध्ये ठाणे, कुलाबा, रत्नागिरी, सातारा, नाशिक अशा जिल्ह्यांतून हजारो शेतकरी मुंबईत जमले आणि त्यांचा मोर्चा काउन्सिल हॉलवर गेला. आत विधेयक आणि बाहेर शेतकरी, अशी ती जोडगोळी होती. खोती रद्द करणारा कायदा १९४९ मध्ये झाला. याही बाबतीत दहा-बारा वर्षे गेलीच. कामगारांचा संपाचा हक्क बांधून टाकणाऱ्या बिलालाही १९३८ मध्ये बाबासाहेबांनी याच सभागृहात कडाडून विरोध केला आणि ७ नोव्हेंबरला गिरणगावात एक दिवसाचा संप झाला.

सांगली जिल्ह्याचा सभापती

१ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य झाले. नव्या राज्याचे विधिमंडळ त्याच जुन्या काउन्सिल हॉलमध्ये बसू लागले. विधान परिषदेचे सभापती झाले वि. स. पागे. ते आपल्याच सांगली जिल्ह्यातले, तासगाव तालुक्यातील विसापूरचे. १९६० ते १९७८ अशी अठरा वर्षे ते त्या खुर्चीत होते. हाताला काम मागेल त्याला काम, ही कल्पना त्यांची. तिचा पहिला प्रयोग १९६५ मध्ये विसापूरला झाला. १९७२ च्या दुष्काळात जत, आटपाडी, कवठेमहांकाळच्या माणसांनी खडी फोडली, नालाबांध घातले, सुकडी खाऊन दिवस काढले. ती पिढी अजून आपल्या घरांतून आहे. त्या कामांना पुढे कायद्याचा आधार मिळाला तो १९७७ च्या महाराष्ट्र रोजगार हमी कायद्याने. आणि देशाने २००५ मध्ये जो ग्रामीण रोजगार हमीचा कायदा केला, त्याची मूळ वाट महाराष्ट्राने आधी पाडली होती. ज्या वास्तूला आपण "मोठ्यांचे घर" म्हणतो, तिच्यात खडी फोडणाऱ्या बाईच्या मजुरीचा हक्क लिहिला गेला.

याच जुन्या काउन्सिल हॉलने आणखी एक दिवस पाहिला. २७ जुलै १९७८ रोजी मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे नाव देण्याचा ठराव दोन्ही सभागृहांनी एकमताने मंजूर केला. आणि मराठवाड्यात आपल्या माणसांची घरे जाळली गेली, माणसे मारली गेली. ठराव कागदावर राहिला. लाँग मार्च निघाले, तुरुंग भरले, तरुणांनी प्राण दिले. १४ जानेवारी १९९४ ला नामविस्तार झाला. साडेपंधरा वर्षे! सभागृहात हात वर झाले म्हणजे काम झाले असे ज्याला वाटते, त्याने ही तारीख भिंतीवर लिहून ठेवावी. आणि सभागृहाचा काही उपयोग नाही असे ज्याला वाटते, त्याने हेही लक्षात ठेवावे की तो ठराव नसता तर सोळा वर्षे कशाची अंमलबजावणी मागणार होतो?

नवे विधान भवन

जुनी जागा अपुरी पडू लागली. २८८ निवडून आलेले आमदार, ७८ परिषद सदस्य, त्यांच्या समित्या, सचिवालयाचा नोकरवर्ग. म्हणून नरिमन पॉइंटला, समुद्रात भराव घालून मिळवलेल्या जमिनीवर, मंत्रालयाच्या शेजारी नवे विधान भवन बांधण्यात आले. १९ एप्रिल १९८१ रोजी पंतप्रधान श्रीमती इंदिरा गांधी यांच्या हस्ते त्याचे उद्घाटन झाले. जुन्या काउन्सिल हॉलमध्ये पुढे पोलीस महासंचालकांचे कार्यालय गेले. ते आजही तिथेच आहे.

दोन्ही इमारती पाहणाऱ्याला काळाचा फरक लगेच जाणवतो. जुनी दगडाची, कोरीव, साहेबी थाटाची. नवी सिमेंट-काँक्रीटची, उंच, अनेक मजली. तिच्यात नेपच्यून नाही की कमानी नाहीत. आत विधानसभा, विधान परिषद आणि दोन्ही सभागृहे एकत्र बसतील असे मध्यवर्ती सभागृह. सभागृहात अध्यक्षांचे आसन उंचावर, समोर सचिवांचे टेबल, सभासदांची बाके, आणि वरच्या बाजूला गॅलऱ्या. एक पत्रकारांसाठी, एक अधिकाऱ्यांसाठी आणि एक प्रेक्षकांसाठी. ही प्रेक्षक गॅलरी वास्तुरचनेतली बारीकशी गोष्ट वाटेल, पण तिच्यात मोठा अर्थ आहे. राजाच्या दरबारात रयतेने हात जोडून खाली उभे राहायचे असते. येथे राज्यकर्ता खाली बसून बोलतो आणि लोक वर बसून ऐकतात.

प्रवेशद्वाराच्या पायऱ्या आता साऱ्या महाराष्ट्राला टीव्हीमुळे परिचयाच्या झाल्या आहेत. अधिवेशनात विरोधी आमदार त्याच पायऱ्यांवर फलक घेऊन बसतात. आवारात छत्रपती शिवाजी महाराजांचा पुतळा आहे. विधिमंडळाच्या कागदांवर जे चार सिंह असतात ते सम्राट अशोकाने सारनाथला उभारलेल्या स्तंभावरचे आहेत. जिथे तथागतांनी धम्मचक्र फिरवले त्या जागेची खूण या राज्याच्या प्रत्येक कायद्यावर उमटते. आपल्या मुलांना हे ठणकावून सांगायला हवे.

दाराबाहेरची माणसे

विधान भवनाची गोष्ट सांगताना दाराबाहेरच्या माणसांना विसरून चालणार नाही. १९५३ च्या नागपूर करारामुळे वर्षातून एक अधिवेशन नागपूरला होते. तिथले विधान भवन इंग्रजांच्या मध्य प्रांताच्या काळातले. डिसेंबरच्या थंडीत विदर्भातून मोर्चे येतात आणि पोलिसांच्या कठड्याशी थांबतात. २३ नोव्हेंबर १९९४ रोजी गोवारी समाजाचा मोर्चा आपल्या सवलतींची मागणी घेऊन आला होता. लाठीमार झाला, चेंगराचेंगरी झाली आणि ११४ माणसे गेली. त्यात बायका आणि लहान मुले होती. मंत्र्याने बाहेर येऊन निवेदन घ्यावे, एवढीच त्यांची अपेक्षा होती. सभागृहापासून हाकेच्या अंतरावर ही माणसे मेली. नागपूरला दीक्षाभूमीला जाणाऱ्या आपल्या माणसांनी त्यांच्या स्मारकापुढेही दोन मिनिटे उभे राहावे, असे आम्हाला वाटते.

मुंबईतही मोर्चाला विधान भवनापर्यंत जाऊ देत नाहीत. आझाद मैदानात थांबवतात. मार्च २०१८ मध्ये नाशिकहून हजारो शेतकरी-आदिवासी चालत आले. दहावीच्या परीक्षेच्या मुलांना त्रास नको म्हणून शेवटची वाट रात्री चालले. त्यांच्या फाटक्या चपला आणि रक्ताळलेली पावले सगळ्यांनी पाहिली. सरकारला लेखी आश्वासन द्यावे लागले.

आणि जुलै २०२५ मध्ये याच विधान भवनाच्या लॉबीत नेत्यांच्या कार्यकर्त्यांत हाणामारी झाली. ती कुणाची माणसे होती हे वर्तमानपत्रांतून सर्वांनी वाचले आहे. त्यानंतर अधिवेशनकाळात अभ्यागतांच्या प्रवेशावर अध्यक्षांनी कडक निर्बंध घातले. भांडले नेत्यांचे कार्यकर्ते आणि दार बंद झाले सामान्य माणसाला. ज्या घरात बाबासाहेबांनी आकडे आणि पुरावे मांडून सरकारला निरुत्तर केले, त्याच परंपरेच्या घरात बाह्या सरसावल्या जाव्यात, याचे दुःख आम्हाला आहे.

जतला दोन विधान भवने जवळची

आमचा तालुका सीमेवरचा. पूर्व भागात घराघरात कन्नड बोलतात. मुंबई येथून चारशेहून अधिक किलोमीटर. त्यामुळे कर्नाटकाचे विधान सौध पाहिलेली माणसेही आमच्याकडे आहेत. बंगळूरची ती ग्रॅनाइटची भव्य इमारत मुख्यमंत्री केंगल हनुमंतय्या यांच्या ध्यासातून उभी राहिली. १३ जुलै १९५१ ला पंडित नेहरूंनी पायाभरणी केली आणि १९५६ मध्ये काम पुरे झाले. हजारो मजूर तिच्यावर राबले, त्यांत तुरुंगातले कैदीही होते. दर्शनी भागावर कोरले आहे की सरकारचे काम हे देवाचे काम. आम्हा बौद्धांना हे वाक्य पटायचे नाही. सरकारचे काम हे माणसांचे काम आहे आणि म्हणूनच त्याचा हिशेब माणसांना मागता येतो. देवाला हिशेब कोण विचारणार? पण त्याच इमारतीसमोर बाबासाहेबांचा पुतळा उभा आहे आणि समोरच्या रस्त्याला त्यांचे नाव आहे, ही गोष्ट मात्र आम्हाला समाधान देते. २०१२ मध्ये बेळगावलाही कर्नाटकाने सुवर्ण विधान सौध बांधले. इमारत बांधून सीमाभागावर हक्क सांगण्याचाच तो प्रकार होता.

२०२२ च्या नोव्हेंबरात कर्नाटकच्या मुख्यमंत्र्यांनी जत तालुक्यातील गावांचे नाव घेतले. पाणी मिळत नसेल तर कर्नाटकात जाऊ, असे या गावांनी पूर्वी म्हटले होते. मग मुंबईला जतची आठवण झाली. म्हैसाळ योजनेचे पाणी पूर्व भागात नेण्याच्या विस्तारित कामाला गती देण्याच्या घोषणा झाल्या. २७ डिसेंबर २०२२ रोजी नागपूरला विधिमंडळाने सीमाप्रश्नावर एकमताने ठराव केला. आमचा सवाल साधा आहे. इतकी वर्षे आमच्या बायका डोक्यावर घागरी घेऊन चालत होत्या, तेव्हा हे सभागृह कुठे होते? दुसऱ्या राज्याचा मुख्यमंत्री बोलल्यावरच ते का जागे झाले?

या प्रश्नाचा अर्धा भाग राज्यकर्त्यांकडे जातो आणि अर्धा आपल्याकडे येतो. जत हा मतदारसंघ पूर्वी अनुसूचित जातींसाठी राखीव होता. २००४ ची निवडणूक ही तशी शेवटची. मतदारसंघांची फेररचना झाली आणि २००९ पासून जत खुला झाला, सांगली जिल्ह्यात मिरज राखीव झाले. आज राज्यात २८८ पैकी २९ जागा अनुसूचित जातींसाठी आहेत. राखीव असताना आपल्या मतावर निवडून गेलेल्या माणसाने आपल्यासाठी सभागृहात किती वेळा तोंड उघडले, याची नोंद आपल्यापैकी कुणी ठेवली? आणि जागा खुली झाल्यावर जो निवडून येतो तो आपलाही प्रतिनिधी आहे, हे त्याला कुणी ठणकावून सांगितले?

वास्तूची चार दारे

विधान भवनाच्या फाटकावर पोलीस आहेत. पण या वास्तूला आणखी चार दारे आहेत. ती विटांची नाहीत, नियमांची आहेत.

पहिले दार प्रश्नाचे. आमदार तारांकित प्रश्न विचारतो तेव्हा मंत्र्याला सभागृहात उभे राहून उत्तर द्यावे लागते आणि त्यावर उपप्रश्न येतात. आम्ही कारकुनी करतो. अधिवेशन जवळ आले आणि एखादा प्रश्न कचेरीवर उतरला, की वर्षभर कपाटात निजलेली फाईल एका दिवसात टेबलावर येते. साहेब स्वतः विचारतात. रात्री उशिरापर्यंत बसून माहिती तयार होते. शंभर अर्जांनी जे होत नाही ते एका प्रश्नाने होते, हे आम्ही खुर्चीवर बसून पाहिलेले आहे. शिष्यवृत्ती अडली, वसतिगृहाची जागा मिळाली नाही, स्मशानभूमीची वाट बंद झाली, तर आमदाराकडे नुसते गाऱ्हाणे नेऊ नये. गाव, तारीख, अर्जाचा क्रमांक लिहून प्रश्न तयार करूनच न्यावा.

दुसरे दार लक्षवेधी सूचनेचे. अत्याचार, पाणीटंचाई, साथीचा आजार अशा तातडीच्या बाबींवर सरकारचे लक्ष वेधून मंत्र्याचे निवेदन मागता येते.

तिसरे दार विनंती अर्जाचे. विधिमंडळाची विनंती अर्ज समिती असते. आमदारामार्फत लोकांचा अर्ज सभागृहात सादर करता येतो आणि समिती त्याची चौकशी करते.

चौथे दार अनुसूचित जाती कल्याण समितीचे. ही समिती जिल्ह्याजिल्ह्यांत दौरे करते. नोकऱ्यांतील अनुशेष, योजनांचा अखर्चित निधी, वस्त्यांची कामे तपासते. समिती जिल्ह्यात आली म्हणजे अधिकारी कागद घेऊन धावतात. त्या दिवशी आपली माणसे निवेदन घेऊन हजर असायला हवीत.

शिवाय आता सभागृहाचे कामकाज मोबाईलवर थेट पाहता येते. प्रेक्षक गॅलरीचा पास मिळो वा न मिळो, घरात बसून आपला आमदार बोलतो की गप्प बसतो हे दिसते. संध्याकाळी मालिका पाहतो त्यातला अर्धा तास अधिवेशनाच्या दिवसांत इकडे द्यावा. बायांनी विशेष पाहावे. पाण्याचा आणि रेशनचा प्रश्न त्यांच्याइतका कुणाला कळतो?

काय करता येईल?

महिलांनी, तरुणांनी आपापल्या विहारात एक वही ठेवावी. अधिवेशन वर्षातून तीनदा होते : अर्थसंकल्पी, पावसाळी आणि हिवाळी. प्रत्येक अधिवेशनाच्या आधी बुद्धवंदनेनंतर अर्धा तास बसून वस्तीचे प्रश्न त्या वहीत लिहावेत. त्यांची प्रत आमदाराला द्यावी आणि पोच घ्यावी. अधिवेशन संपल्यावर पुन्हा बसावे आणि कोणता प्रश्न विचारला गेला, काय उत्तर आले, ते त्याच पानावर लिहावे. पाच वर्षांनी मत मागायला माणूस दारात आला की त्याच्यापुढे ती वही उघडावी. वज्जींच्या वारंवार जमण्याचा अर्थ आम्हाला तरी हाच वाटतो.

पुढच्या ६ डिसेंबरला मुंबईला जाल तेव्हा मुलांना रीगलच्या चौकात न्या आणि नेपच्यूनचे शिल्प असलेली ती दगडी इमारत दाखवा. सांगा, की आपल्या बाबासाहेबांच्या काळी कायदेमंडळ इथे बसायचे. तिथून नरिमन पॉइंटला चालत जा आणि नवे विधान भवन रस्त्यावरून का होईना पाहा. महार वतनाला तीस वर्षे लागली, नामांतराला सोळा. आपल्या वहीतल्या प्रश्नांना किती लागतील हे आपण किती वेळा जमतो यावर ठरणार आहे.

वही दोनशे पानी पुरेल. पहिल्या पानावर गावच्या पाण्याचा प्रश्न लिहा.

जयभीम!